चमकणारं खनिज कथेत वारंवार घोळ घालतंय? बिघाड शोधायची आणि दुरुस्तीची पद्धत

फॅन्टसी लिहिणाऱ्यांच्या मसुद्यांत एक बिघाड इतक्या वेळा दिसतो की त्यावर स्वतंत्र लिहायलाच हवं. कल्पित जगात एक दुर्मिळ खनिज असतं, ते अंधारात उजळतं आणि त्याच्या अंगी काहीतरी अद्भुत शक्ती असते. पहिल्या प्रकरणात ते वाचकाला भुरळ घालतं. पुढे ते लेखकाच्याच हाताबाहेर जायला लागतं. नायिकेने फडक्यात गुंडाळलं की विझतं, पण देवळाच्या भिंतीत चिणलेलं तेच खनिज शतकानुशतकं तेवत असतं. राजाच्या खजिन्यात ते मूठभरच आहे असं ठासून सांगितलेलं असतं आणि सातव्या प्रकरणात गस्तीच्या शिपायांच्या कंदिलांत तेच भरलेलं दिसतं. गुहेत ते लखलखत होतं, तर गुहेपाशी रोज शेळ्या चारणाऱ्या पोराला ते कसं दिसलं नाही? वाचक हा प्रश्न विचारतो आणि लेखकाकडे उत्तर नसतं.

मग ठिगळं लागतात. ‘हे खनिज फक्त शुद्ध मनाच्या माणसापुढे उजळतं’ असं एक वाक्य घातलं जातं. पुढच्या प्रकरणात खलनायकाला त्याच उजेडात तहनामा वाचायचा असतो, म्हणून त्यालाही अपवाद करावा लागतो. असे चार-पाच अपवाद झाले की खनिजावरचा विश्वास उडतो आणि त्याच्यासोबत त्या जगावरचाही.

मला जे मूळ कारण दिसतं ते एकच आहे: उजेड कुठून येतो, हे लेखकाने ठरवलेलंच नसतं. ‘ती जादू आहे’ हे त्याचं उत्तर होत नाही. जादूलाही काहीतरी लागतं, ती कशाने तरी सुरू होते, कधीतरी ओसरते. हे एकदा पक्कं झालं की वरच्या बहुतेक तक्रारी आपोआप मिटतात. शिवाय पुढची अर्धी कथा त्या उत्तरातूनच सापडते, आणि हे सगळं लिहिण्यामागे माझा खरा उत्साह तोच आहे.

आधी तपासणी

दुरुस्तीला हात घालण्यापूर्वी मसुद्यात खनिजाचं नाव शोधा आणि ते जिथे जिथे आलंय ती प्रत्येक जागा कागदावर उतरवा. प्रत्येक जागेपुढे लिहा: उजळण्याआधी तो दगड कुठे होता, उन्हात की मातीखाली, उजळायला निमित्त काय झालं, उजेड किती वेळ टिकला, तो कुणाला दिसला आणि कुणाला नाही, उजळून झाल्यावर दगडाचं काय झालं. शेवटचा रकाना बहुतेकांचा रिकामा राहतो. तो रिकामा राहिला, तर बिघाड तिथेच आहे असं समजा.

आता या यादीतल्या नोंदी खालीलपैकी कोणत्या प्रकारात बसतात ते बघा. हे सगळे प्रकार खऱ्या जगातले आहेत. निसर्गाने अंधारात उजळणाऱ्या पदार्थांचे जितके नमुने करून ठेवलेत, तितके आपल्याला एकट्याने सुचणार नाहीत.

उजेडावर जगणारा उजेड

खनिजांच्या संग्रहालयांत अंधाऱ्या खोलीत लाल-हिरवे पेटल्यासारखे दगड ठेवलेले असतात. ते बहुधा या प्रकारातले. अतिनील किरण त्यांच्यावर पडतात, डोळ्यांना ते दिसत नाहीत, आणि दगड त्यांचं रूपांतर दिसणाऱ्या रंगात करतो. अमेरिकेत न्यू जर्सीमधल्या फ्रँकलिन आणि स्टर्लिंग हिल इथल्या खाणी यासाठी जगप्रसिद्ध आहेत. तिथलं विलेमाइट हिरवं उजळतं आणि त्याच्याच शेजारचं, मँगॅनीजचा अंश असलेलं कॅल्साइट लाल-नारिंगी. दिवसा हेच दगड अगदी सामान्य दिसतात. आपल्याकडे नाशिक परिसरातल्या काळ्या पाषाणात सापडणारं पॉवेलाइटही अतिनील दिव्याखाली पिवळं उजळतं. दिवा बंद केला की हा खेळ बहुधा तिथल्या तिथे संपतो.

तुमच्या मसुद्यात खनिज ठरावीक माणसासमोर किंवा ठरावीक जागीच उजळत असेल, तर ‘शुद्ध मन’ काढून टाका आणि हा प्रकार घ्या. त्या माणसाजवळ किंवा त्या जागी काहीतरी अदृश्य प्रकाश आहे. तुमच्या जगात विजेचे दिवे नसतील, तर तो एखाद्या ताऱ्याचा असेल, दुसऱ्या चंद्राचा असेल, एखाद्या प्राण्याच्या डोळ्यांतून येत असेल. जादूची सवलत तिथे एकदाच घ्या. बाकी सगळं त्यातून निघतं. तो तारा मावळला की देऊळ अंधारतं. खोटा दगड त्या प्रकाशात काळाच राहतो, म्हणून सराफ त्याच रात्री व्यवहार करतात. शीलाइट हे टंगस्टनचं खनिज अतिनील दिव्याखाली निळसर पांढरं दिसतं, म्हणून ते शोधणारे रात्री दिवे घेऊन डोंगर पालथे घालत. तुमच्या जगातले खनिज शोधणारेही असेच रात्रीचे लोक असतील आणि गावकरी त्यांच्याकडे संशयाने बघत असतील.

साठवलेला उजेड

इटलीत बोलोन्याजवळच्या मोंते पादेर्नो टेकडीवर जड, पांढुरके दगड मिळत. १६०२-०३ च्या सुमारास विंचेन्झो काशारोलो नावाच्या चांभाराने, ज्याला किमयेचा नाद होता, ते कोळशासोबत भट्टीत भाजले. सोनं काही मिळालं नाही. भाजलेला दगड उन्हात ठेवून अंधारात नेला की मात्र तो निखाऱ्यासारखा उजळत राही. तो दगड म्हणजे बराइट, आणि भाजल्यावर त्याचं बेरियम सल्फाइड झालेलं असे. त्या काळच्या युरोपात या ‘बोलोन्याच्या दगडा’ने मोठी खळबळ उडवली. प्रकाश हा एखाद्या वस्तूसारखा भरून ठेवता येतो का, यावर विद्वान वाद घालत होते आणि गॅलिलिओही त्या चर्चेत होता.

या दगडाची एक खोड फार कामाची आहे. दमट हवेत तो खराब होतो, सडक्या अंड्यांचा वास येतो आणि उजळणं बंद पडतं. त्यामुळे तो बंद डबीत जपावा लागे. कोकणासारख्या हवेचं जग रंगवणाऱ्या लेखकाला याहून चांगली भेट कोणती? पहिल्या पावसासोबत राजधानीतले दिवे सडायला लागतात. ज्यांच्याकडे काचेच्या बंद हंड्या आहेत त्यांचे टिकतात, गरिबांचे जातात. वर्षातून चार महिने शहराच्या एका भागात उजेड आणि दुसऱ्या भागात काळोख. यासाठी वेगळी शक्ती बेतायची गरजच नाही.

आज रात्री चमकणाऱ्या पाट्यांसाठी जे स्ट्रॉन्शियम ॲल्युमिनेट वापरतात ते १९९३ मध्ये जपानमध्ये विकसित झालं. ते तासन्‌तास उजळतं. पण लक्षात ठेवायची गोष्ट अशी की साठवलेला उजेड एका संथ गतीने कमी होत नाही. पहिल्या काही मिनिटांत तो झपाट्याने उतरतो आणि मग उरलेला अंधुक प्रकाश बराच काळ रेंगाळतो. मसुद्यात तुम्ही ‘पहाटेपर्यंत तितकाच लख्ख’ लिहिलं असेल, तर वाचकाला कारण न कळताही ते खोटं वाटेल. ‘दिंडी दरवाजा ओलांडेपर्यंत रस्ता दिसला, नंतर फक्त हातातला दगड दिसत राहिला’ हे पटतं.

मातीखाली गाडलेलं किंवा भिंतीत चिणलेलं खनिज या प्रकारात बसू शकत नाही. त्याला ऊन मिळालेलंच नाही. अशा नोंदी यादीत असतील तर पुढचा प्रकार बघा.

उबेने एकदाच उजळणारा

माझं मन या प्रकारावर सगळ्यात जास्त जडलंय आणि फॅन्टसीत तो मला फारसा कुठे दिसत नाही, याचं नवल वाटतं. काही खनिजांच्या स्फटिकांत बारीक दोष असतात. आजूबाजूच्या खडकातल्या अगदी सौम्य किरणोत्सर्गाने हललेले इलेक्ट्रॉन त्या दोषांत अडकून पडतात, हजारो-लाखो वर्षं. दगडाला ऊब मिळाली की ते सुटतात आणि सुटताना प्रकाश देतात. रॉबर्ट बॉइल या शास्त्रज्ञाने १६६३ मध्ये अंगाच्या उबेने अंधारात उजळणाऱ्या एका हिऱ्याची नोंद केली आहे. फ्लोराइटच्या काही जातींना तर तळहाताची ऊबही पुरते.

यातलं मर्म पुढे आहे. साठा संपला की संपला. तोच दगड पुन्हा तापवला तर काही दिसत नाही, कारण पुन्हा भरायला त्याला खडकाच्या पोटात तितकाच प्रदीर्घ काळ पडून राहावं लागेल. पुरातत्त्वज्ञ याच गुणाचा उपयोग करून जुन्या खापरांचं वय काढतात. भट्टीत भांडं भाजलं तेव्हा त्यातला जुना साठा रिकामा झाला आणि तिथून नव्याने मोजणी सुरू झाली. आज तापवल्यावर जितका उजेड मिळतो, त्यावरून मधली वर्षं कळतात.

आता हे कथेत लावून बघू. समजा तुमच्या खनिजाचं नाव दीपखडा आहे आणि तुमच्या यादीत चार नोंदी आहेत: गुहेत सापडला, नायिकेच्या हातात उजळला, राजवाड्यात दिवे म्हणून लावला, आणि अखेरच्या युद्धात ऐन वेळी पेटला नाही. आधी या चार नोंदी एकमेकींशी भांडत होत्या. उबेचा नियम लावला की चारही एका ओळीत येतात. गुहेतला दीपखडा थंडच पडून होता, म्हणून शेळ्या चारणाऱ्या पोराला तो कधी दिसला नाही. नायिकेला ताप भरला होता आणि तिने थंड वाटावं म्हणून दगड गालाला लावला, तेव्हा तो पहिल्यांदा उजळला. राजवाड्यात प्रत्येक रात्रीला नवे खडे लागतात, म्हणून खाण थांबवता येत नाही, म्हणून डोंगरातल्या लोकांवर वेठ आहे. वापरलेले खडे दिसायला हुबेहूब तसेच असतात, म्हणून बाजारात मेलेले खडे विकणारे ठक आहेत, आणि खरा की मेलेला हे तपासायचा एकच मार्ग म्हणजे तो जाळून संपवणं. युद्धाच्या रात्री सेनापतीच्या पेटीत मेलेले खडे निघाले. कुणी भरले, हा पुढच्या भागाचा विषय.

एका नियमातून अर्थव्यवस्था आली, जुलूम आला, फसवणूक आली, आणि युद्धाचं वळणही मिळालं. ‘ऐन वेळी शक्तीने साथ सोडली’ असं मोघम वाक्य लिहावं लागलं नाही.

घर्षणाचाही एक छोटा भाऊबंद प्रकार आहे. पांढऱ्या गारगोटीचे दोन तुकडे घ्या, गडद अंधार करा, डोळे सरावू द्या आणि तुकडे एकमेकांवर जोरात घासा. आतून क्षणभर फिकट पिवळसर उजेड दिसतो. हे घरी करून बघण्यासारखं आहे. डोळ्यांना चष्मा लावा, कपच्या उडतात. कथेत हा प्रकार दिव्याच्या कामाचा नाही, पण भूकंपाच्या वेळी किंवा बोगदा खचताना भिंत क्षणभर उजळून जाणं, या प्रसंगासाठी चांगला आहे.

स्वतःच तेवणारा, आणि त्याची किंमत

काही लेखकांना कशावरही अवलंबून नसलेला, अखंड उजेड हवाच असतो. त्याचं खरं उदाहरण रेडियम. १८९८ मध्ये मारी आणि पिएर क्युरी यांनी ते शोधलं. पुढे ते झिंक सल्फाइडमध्ये मिसळून घड्याळांच्या तबकड्या रंगवायला वापरू लागले. अमेरिकेतल्या कारखान्यांत तरुण मुली हे काम करत. कुंचल्याला टोक यावं म्हणून तो ओठांत धरायला त्यांना शिकवलेलं होतं. रंग निर्धोक असल्याचं त्यांना सांगण्यात येई. मग अनेकींचे दात पडले, जबड्याची हाडं झिजली, कित्येक जणी दगावल्या. न्यू जर्सीतल्या पाच जणींनी दाद मागितली आणि १९२८ मध्ये त्यात तडजोड झाली.

या इतिहासाकडे केवळ कथेचा कच्चा माल म्हणून बघू नका. ती खरी माणसं होती. तुमच्या जगात अखंड उजेड देणारं खनिज असेल तर ते कोण खणतं, कोण घासून घडवतं आणि त्यांच्या शरीराचं काय होतं, हे लिहायची जबाबदारी येते असं मला मनापासून वाटतं.

आणखी एक तपशील आहे, तो फार थोड्यांच्या लक्षात येतो. रेडियमचं अर्धायुष्य, म्हणजे ते निम्मं उरायला लागणारा काळ, सुमारे १,६०० वर्षं आहे, तरीही शंभर वर्षांपूर्वीच्या तबकड्या आज अंधारात दिसत नाहीत. सततच्या माऱ्याने झिंक सल्फाइडचे स्फटिक खराब झाले, उजेड गेला, आणि रेडियम जवळपास तितकंच उरलं. शक्ती शाबूत आणि उजेड नाही! विझलं म्हणून टाकून दिलेलं खनिज मुलं खेळायला घेतात. पिढ्यान्‌पिढ्या पूजेत असलेली मूर्ती विझल्यावर पुजारी तिला अधिकच जवळ घेतात. ‘निर्जीव झालेला मणी’ ही कल्पना मसुद्यात असेल तर तिला या बाजूने पुन्हा बघा.

इथेच एक गैरसमज दुरुस्त करून टाकू, कारण तो जवळजवळ प्रत्येक मसुद्यात येतो. युरेनियमचं धातुक हिरवं चमकत नाही. त्याचं मुख्य खनिज पिचब्लेंड काळं, जड आणि दिसायला अगदी निरुपद्रवी असतं. ऑट्युनाइटसारखी काही युरेनियमची खनिजं गर्द हिरवी-पिवळी उजळतात खरी, पण ती अतिनील दिव्याखाली, म्हणजे वरच्या पहिल्या प्रकाराप्रमाणे. तेव्हा ‘धोकादायक म्हणून हिरवं’ हे समीकरण सोडून द्या. धोकादायक आणि अजिबात न चमकणारं खनिज कथेत जास्त भीती घालतं.

जिवंत उजेडाचा पर्यायही असतो. भीमाशंकरच्या जंगलात पावसाळ्यात कुजक्या लाकडावरची बुरशी अंधारात उजळते. तुमच्या जगातले लोक ज्याला खनिज समजतात तो दगडावरचा असाच एखादा थर असेल, तर खाणीबाहेर कोरड्या हवेत आणल्यावर तो मरतो. राजाने गाडीभर दगड आणवले आणि सगळे आंधळे निघाले, याचं कारण तेच.

उजेड दिसतो कसा, याची तपासणी

स्रोत ठरला तरी प्रसंगांमध्ये चुका राहतात, आणि त्या बहुतेक डोळ्यांसंबंधीच्या असतात.

अंगठीतल्या खड्याच्या उजेडात दालन उजळून निघत नाही. पौर्णिमेच्या चांदण्याचा प्रकाश फार तर पाव लक्सच्या आसपास भरतो (लक्स हे उजेड मोजायचं एकक). एक मीटरवरच्या मेणबत्तीचा साधारण एक लक्स. अंतर दुप्पट झालं की उजेड पाव होतो, दसपट झालं की शंभरावा हिस्सा. म्हणजे मेणबत्तीइतका तेजस्वी खडाही दहा मीटरवर चांदण्यापेक्षा कितीतरी कमी प्रकाश देईल. तुमच्या पात्राला त्या उजेडात पत्र वाचायचं असेल तर त्याला खडा कागदाला टेकवू द्या. एकेक ओळ उजळवत वाचणारं पात्र प्रसंगालाही चांगलं.

रंगांचंही तसंच. अगदी मंद उजेडात आपल्या डोळ्यांतल्या ज्या पेशी काम करतात त्यांना रंग कळत नाहीत. म्हणून भीमाशंकरची बुरशी फोटोत हिरवीगार आणि प्रत्यक्षात फिक्कट पांढुरकी दिसते. दुरून दिसणारा तुमचा ‘नीलवर्णी मंद प्रकाश’ पात्राला आधी राखाडी दिसायला हवा आणि जवळ गेल्यावर हळूहळू निळा व्हायला हवा. हा बदल लिहिलात तर वाचक त्या पात्रासोबत चालू लागतो.

आता सगळ्यात उपयोगी गोष्ट. अंधाराला डोळे पूर्ण सरावायला वीस ते तीस मिनिटं लागतात आणि मशालीकडे एकदा बघितलं की ती सगळी मेहनत वाया जाते. ‘शंभर वर्षं हे कुणालाच कसं दिसलं नाही?’ या प्रश्नाचं सर्वांत सरळ उत्तर इथे आहे: आजवर जो कोणी त्या गुहेत शिरला तो मशाल घेऊन शिरला. ज्या दिवशी कुणाची मशाल विझली आणि त्याला बाहेर जायची वाट सापडेना, त्या दिवशी बराच वेळ बसून राहिल्यावर भिंत दिसायला लागली. यासाठी कोणता शाप किंवा भविष्यवाणी लागत नाही.

‘दुर्मिळ’ म्हटलेलं खनिज सगळीकडे दिसू लागलंय

हा बिघाड वेगळा आहे, त्याची दुरुस्तीही वेगळी. लेखक दुर्मिळतेला जागेची अडचण समजतात: सात डोंगरांपलीकडची गुहा, राखणदार नाग. खरी दुर्मिळता अनेकदा लोकांच्या पायाखाली असते. कॅव्हन्साइट हे अप्रतिम निळं खनिज पहिल्यांदा अमेरिकेतल्या ऑरेगॉनमध्ये सापडलं, पण जगभरातल्या संग्रहांतले सर्वोत्तम नमुने आले पुण्याजवळच्या वाघोलीच्या दगडखाणींतून. तिथे दगड फोडतात तो बांधकामासाठी. सुरुंग लागला, पाषाणातली एखादी पोकळी उघडी पडली आणि आत निळे फुलोरे दिसले, तर ते कुणाच्या तरी लक्षात येईपर्यंत टिकायला हवेत. नाहीतर सगळं खडीत जातं. तुमच्या जगातल्या रस्त्यांच्या खडीत किती दीपखडे दळले गेले असतील, याचा विचार करून बघा.

दुसरी गोष्ट, मिळणारं खनिज आणि फोडावा लागणारा दगड यांचं प्रमाण. कोलारची सोन्याची खाण जमिनीखाली सुमारे तीन किलोमीटर खोल गेली होती आणि २००१ मध्ये ती बंद पडली. टनभर दगड वर आणावा तेव्हा काही ग्रॅम सोनं हाती लागतं, असा हा धंदा. उरलेल्या चुऱ्याचे डोंगर गावाशेजारी आजही उभे आहेत. कल्पित खाणीभोवती असे ढिगारे नसतील तर ती खाण वाटत नाही. आणि ते ढिगारे असले की ‘मूठभर’ हा शब्द वाचकाला वेगळा पटवावा लागत नाही.

टेबलाभोवती बसून कथाखेळ (रोल-प्लेइंग गेम) चालवणाऱ्यांनी हे प्रमाण आधीच लिहून ठेवावं. खेळाडू पहिल्याच बैठकीत विचारतील की हे किती भावाने विकलं जाईल, आणि दुसऱ्या बैठकीत अख्खी भिंत उकरायला निघतील. ‘एका पोत्याला एक नखाएवढा कण’ हे उत्तर तयार असेल तर त्यांनाही ते न्याय्य वाटतं.

खनिजच सगळे प्रश्न सोडवतंय

इथे परंपरेकडे बघावं. स्यमंतक मण्याची गोष्ट आपल्याकडे गणेश चतुर्थीला चंद्र पाहू नये या समजुतीसोबत घरोघरी सांगितली जाते. सूर्याने सत्राजिताला दिलेला मणी इतका तेजस्वी, की तो घालून सत्राजित द्वारकेत आला तेव्हा लोकांना सूर्यच आल्यासारखं वाटलं. तो रोज सोनंही देतो. म्हणजे शक्तीची काही कमतरता नाही. तरीही कथेत हा मणी एकही प्रश्न सोडवत नाही. प्रसेन तो गळ्यात घालून शिकारीला जातो, सिंह त्याला मारतो, सिंहाला जांबवान मारतो आणि मणी लेकराला खेळायला देतो. इकडे द्वारकेत कुजबुज सुरू होते की कृष्णानेच प्रसेनाला मारून मणी लाटला. तो आळ धुवायला कृष्णाला जंगलात माग काढत जावं लागतं, गुहेत शिरावं लागतं आणि जांबवानाशी अठ्ठावीस दिवस झुंजावं लागतं. मणी परत मिळतो, सत्राजिताला दिला जातो, आणि पुढे त्याच मण्यापायी सत्राजिताचा खून होतो.

सगळी कथा मण्याभोवतीच्या माणसांची आहे: कुणी मागितला, कुणी नाकारला, कुणावर संशय आला. तुमच्या यादीतल्या ज्या नोंदींत खनिजाने शत्रू मारला, जखम भरली किंवा दार उघडलं, त्यांतली एक ठेवा. बाकीच्या ठिकाणी ते काम माणसाकडून करून घ्या आणि खनिजाला फक्त तिथे असू द्या. माझा अनुभव असा की बहुतेक प्रसंग त्याने घट्ट होतात.

भाग आधीच प्रसिद्ध झाले असतील तर

क्रमशः लिहिणाऱ्यांची हीच अडचण असते: पहिले दहा भाग लोकांनी वाचलेत, आता नियम कसा बदलणार? जुने भाग गुपचूप बदलू नका, नियमित वाचकांना ते कळतं आणि लागतं. त्याऐवजी जुन्या भागांतली प्रत्येक नोंद कुणाच्या तोंडून आली ते बघा. निवेदकाने स्वतः डोळ्यांनी पाहिलेली घटना खरी धरावी लागते. पण ‘हा शुद्ध मनालाच दिसतो’ हे पुजाऱ्याचं वाक्य असेल, तर ती पुजाऱ्याची समजूत आहे. देवळात उघड्या हाताने खडा धरायची परवानगी फक्त दीक्षितांना, म्हणजे दीक्षा घेतलेल्यांना होती, बाकीचे तो चांदीच्या चिमट्याने उचलत. ऊब फक्त दीक्षितांच्या हाताची लागली, म्हणून तो त्यांच्याच हातात उजळला. समजूत चुकीची, निरीक्षण बरोबर, आणि ही गोष्ट कुणीतरी चिमटा बाजूला ठेवल्यावर उघडी पडते.

निवेदकानेच दोन परस्परविरोधी गोष्टी पाहिल्या असतील, तर ती दोन वेगळी खनिजं असू शकतात का ते तपासा. खऱ्या खाणींत एकाच भिंतीत दिसायला सारखी आणि वागायला वेगळी खनिजं असतात. फ्रँकलिनच्या दगडात हिरवं आणि लाल शेजारी-शेजारीच तर असतं. मात्र हा उपाय एकदाच वापरा आणि तिसरं खनिज काढू नका. दोघांतला फरक खाणीतल्या जुन्या माणसाला आधीपासून ठाऊक असू द्या, आणि त्याला आजवर कुणी विचारलंच नव्हतं असं दाखवा. यानंतर यादी पुन्हा काढा, आणि शेवटचा रकाना, दगडाचं पुढे काय झालं तो, या वेळी प्रत्येक नोंदीपुढे भरा.